ललिता पवार आणि बोलपटांचा पहिला काळ: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ललिता पवार म्हटले की खाष्ट सासू, किंचित मिटलेला डावा डोळा आणि भगवानदादांची थप्पड एवढ्यावरच बोलणे संपते. मूकपट संपून बोलपट सुरू होत असताना ही नटी घडली आणि पुढे पन्नास वर्षे दुय्यम भूमिकांवर तिने हुकमत गाजवली, हा भाग मात्र बहुधा वगळला जातो. पुढील प्रश्नोत्तरांत भर आहे तो त्या वगळलेल्या भागावर.

ललिता पवार मूळच्या कुठल्या, आणि त्या चित्रपटात कशा आल्या?

त्यांचा जन्म १८ एप्रिल १९१६ रोजी नाशिक जिल्ह्यातील येवल्याचा. मूळ नाव अंबा. वडील लक्ष्मणराव सगुण हे रेशमी आणि सुती कापडाचे व्यापारी होते. येवल्याच्या पैठणीची ख्याती लक्षात घेतली तर त्यात नवल काही नाही. १९२८ च्या सुमारास, वयाची बारा वर्षेही पुरी होण्याच्या बेतात असताना, त्या नानासाहेब सरपोतदारांच्या पुण्यातील आर्यन फिल्म कंपनीच्या मूकपटांत ‘अंबू’ या नावाने दिसू लागल्या. सिनेमात काम करणाऱ्या बाईकडे समाज तेव्हा संशयाने पाहत असे. दुर्गा खोटे यांच्यासारख्या प्रतिष्ठित घरातील सुशिक्षित स्त्रीने पडद्यावर येणे ही १९३० नंतरही चर्चेची बाब होती. त्याआधीच अंबूचे काम सुरू झालेले होते, आणि तेही कोणत्याही संगीत नाटक कंपनीची पार्श्वभूमी पाठीशी नसताना.

त्या आधी नायिका होत्या, हे खरे आहे का?

होय. मूकपटांच्या अखेरच्या वर्षांत आणि बोलपटांच्या पहिल्या दशकात त्यांनी नायिकेच्या अनेक भूमिका केल्या. पौराणिक, पोशाखी आणि मारधाडीचे असे तिन्ही प्रकारचे चित्रपट त्यांत होते. दिग्दर्शक गणपतराव पवार यांच्याशी त्यांचा विवाह झाला आणि ‘पवार’ हे आडनाव त्यांना तिथून मिळाले. पुढे निर्माते राजप्रकाश गुप्ता यांच्याशी विवाह झाल्यावरही पडद्यावरचे नाव त्यांनी बदलले नाही.

मूकपटातून बोलपटात येताना नटींपुढे नेमकी कोणती अडचण होती?

१४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक चित्रपटगृहात ‘आलम आरा’ हा पहिला भारतीय बोलपट प्रदर्शित झाला आणि त्या दिवसापासून चेहऱ्याइतकीच जिभेचीही परीक्षा सुरू झाली. त्याचे दिग्दर्शक अर्देशीर इराणी यांनी वापरलेल्या यंत्रणेत आवाज आणि चित्र एकाच फिल्मवर, एकाच वेळी उतरत असे. म्हणजे संवाद चुकला तर नंतर तो दुरुस्त करण्याची सोयच नव्हती, तो सारा भाग पुन्हा चित्रित करावा लागे. स्टुडिओ आवाजबंद नव्हते. ‘आलम आरा’चे बरेचसे चित्रीकरण रात्री झाले, कारण स्टुडिओजवळूनच रेल्वे जात होती आणि दिवसा गाड्यांचा खडखडाट थांबत नसे. ध्वनिग्राहक (मायक्रोफोन) सेटवरील सामानात किंवा कपड्यांत दडवलेला असे आणि नटाला त्याच्यापासून फार दूर जाता येत नसे. मूकपटात मोकळेपणी धावणारी, घोड्यावर बसणारी नटी आता एका जागी उभी राहून स्पष्ट शब्द उच्चारत होती.

या बदलात मोठमोठे गडगडले. मूकपटांची राणी मानली गेलेली सुलोचना, म्हणजे रुबी मायर्स, हिला हिंदुस्थानी शिकण्यासाठी काही काळ थांबावे लागले. ‘आलम आरा’चा नायक मास्टर विठ्ठल हा मूक स्टंटपटांचा लाडका मराठी नट, पण त्याची उर्दू इतकी कच्ची की त्याच्या तोंडी फारसे संवाद देताच आले नाहीत. या पार्श्वभूमीवर जिला मराठी घरची आणि हिंदी कामापुरती चांगली, अशी नटी निर्मात्याला दुप्पट उपयोगाची वाटे, कारण प्रभातसारख्या कंपन्या एकाच सेटवर मराठी आणि हिंदी अशा दोन आवृत्त्या काढत. १९३२ चा ‘अयोध्येचा राजा’ हे त्याचे पहिले ठळक उदाहरण. ललिताबाईंनी पुढे मराठी आणि हिंदी या दोन्ही पडद्यांवर आयुष्यभर जो वावर ठेवला, त्याचे मूळ या काळात आहे.

नाटकातून आलेल्या नटांची गोष्ट वेगळी होती. त्यांचा आवाज तयार होता. मात्र तो शेवटच्या रांगेसाठी तयार झालेला होता आणि ध्वनिग्राहकापुढे तो कर्कश होई. ललिताबाई रंगभूमीवर घडलेल्या नव्हत्या. त्यामुळे मोडायची सवय त्यांच्यापाशी नव्हती. कठोर वाक्य आवाज न चढवता, दातांतल्या दातांत म्हणण्याची त्यांची जी खुबी पुढे प्रेक्षकांना धडकी भरवत असे, ती नाटकातून आलेली नाही, हे माझे मत आहे.

त्या स्वतः गात असत का?

सुरुवातीच्या बोलपटांत नट-नटींना गावेच लागे. पार्श्वगायनाची पद्धत १९३५ मध्ये कलकत्त्याच्या न्यू थिएटर्सच्या ‘धूप छाँव’पासून रूढ होऊ लागली, त्यापूर्वी वादकांचा ताफा कॅमेऱ्याच्या कक्षेबाहेर बसे आणि नटी दृश्यातच गात असे. ललिताबाईंनी ‘हिम्मत-ए-मर्दा’ या बोलपटात गायिलेले ‘नील आभा में प्यारा गुलाब रहे’ हे गाणे त्या काळी लोकप्रिय झाले होते. पार्श्वगायन स्थिरावल्यावर गळा नसलेल्या पण देखण्या मुलींना नायिकापदाची दारे उघडली, आणि ‘गाणारी नटी’ हे भांडवल पाहता पाहता निरुपयोगी झाले. जुन्या नटींना दुसरे काहीतरी कमवावे लागले.

त्यांनी चित्रपटांची निर्मितीही केली होती का?

केली होती. ‘कैलास’ (१९३२) हा मूकपट आणि १९३० च्या दशकाच्या उत्तरार्धातील ‘दुनिया क्या है’ हा बोलपट त्यांच्या निर्मितीत आले. दुसऱ्या चित्रपटाचे कथानक टॉलस्टॉयच्या ‘पुनरुत्थान’ या कादंबरीवर आधारलेले होते. विशीच्या आसपासची, शाळेत फारशी न गेलेली नटी टॉलस्टॉयच्या कथेत पैसे घालते, ही बाब मला त्यांच्या कोणत्याही पुरस्कारापेक्षा अधिक बोलकी वाटते.

थपडेचे ते प्रकरण नेमके काय आहे?

१९४२ मध्ये ‘जंग-ए-आझादी’ या चित्रपटाच्या चित्रीकरणात भगवान आभाजी पालव, म्हणजेच भगवानदादा, यांनी त्यांना थप्पड मारण्याचा प्रसंग होता. तो तडाखा अपेक्षेपेक्षा फार जोरात बसला. चेहऱ्याची डावी बाजू लुळी पडली, डाव्या डोळ्याची शीर फुटली, आणि दीर्घ उपचारांनंतरही त्या डोळ्यातील दोष कायमचा राहिला. हा अपघात होता; त्यामागे वैर असल्याचे कुणीही म्हटलेले नाही.

ही हकिकत सांगताना दोन गोष्टी हमखास चुकतात. भगवानदादांना ‘नवखा नट’ म्हटले जाते. वास्तविक ते मूकपटांपासून या धंद्यात होते आणि १९३८ पासून दिग्दर्शनही करत होते. दुसरी चूक म्हणजे ‘तीन वर्षे त्या घरी बसून होत्या’ हे विधान. उपचार तीन वर्षे चालले असे सांगितले जाते. पण प्रभातचा ‘रामशास्त्री’ १९४४ मध्ये पडद्यावर आला आणि त्यात ललिताबाईंची भूमिका लहानसहान नाही. म्हणजे उपचार आणि काम हे काही काळ बरोबरीने चालले, असाच निष्कर्ष निघतो.

मग या अपघातामुळेच त्या चरित्रभूमिकांकडे वळल्या, असे म्हणता येईल का?

अर्धेच म्हणता येईल. नायिकेच्या भूमिका हातातून गेल्या यात अपघाताचा वाटा मोठा होता, हे नाकारण्याचे कारण नाही. कॅमेऱ्याजवळचा चेहरा दोन्ही बाजूंनी सारखा असावा, ही नायिकेकडून असलेली अपेक्षा त्या आता पुरी करू शकत नव्हत्या. पण नायिकापद गेलेल्या नटी त्या काळात कितीतरी होत्या. त्यांतील बहुतेक विस्मृतीत गेल्या, काही हलाखीत गेल्या. नायिकापद का गेले याचे उत्तर थप्पड देते, परंतु त्यानंतर चार दशके काम का मिळत राहिले याचे उत्तर ती देत नाही.

त्यासाठी अपघातापूर्वीची कामे पाहावी लागतात. भालजी पेंढारकरांचा ‘नेताजी पालकर’ आणि नवयुग चित्रपट या कंपनीने १९४१ मध्ये काढलेला, वि. स. खांडेकरांच्या लेखणीतून उतरलेला ‘अमृत’, यांतून एक वजनदार, ठसकेबाज स्त्री उभी करण्याची त्यांची तयारी झालेली होती. मूकपटांनी शब्दांवाचून चेहरा बोलका करायला शिकवले होते. आरंभीच्या बोलपटांनी शब्द नेमका टाकायला शिकवले होते. अर्धा चेहरा साथ देईना तेव्हा या दुहेरी शिदोरीचा उपयोग झाला. मिटणारा डोळा त्यांनी लपवला नाही. उलट तो डोळा आणखी बारीक करून समोरच्याला निरखण्याची लकब त्यांनी अशी काही बसवली की, तो दोष आहे हे प्रेक्षक विसरले. नक्कलाकारांनी ती लकब उचलली, आणि एखादी नटी लोकांच्या मनात घर करून आहे याची ती खूणच असते.

‘रामशास्त्री’तील आनंदीबाई इतकी महत्त्वाची का मानली जाते?

नारायणराव पेशव्यांच्या १७७३ मधील खुनाचा न्याय करणाऱ्या रामशास्त्री प्रभुणे यांच्यावरचा हा चित्रपट. रामशास्त्रींच्या भूमिकेत गजानन जागीरदार होते आणि आनंदीबाई ललिता पवारांकडे होती. ‘ध’चा ‘मा’ करणारी आनंदीबाई मराठी माणसाला वेगळी सांगावी लागत नाही; ‘धरावे’चे ‘मारावे’ झाल्याची ती दंतकथा आपल्या भाषेत वाक्प्रचार होऊन बसली आहे. अशा पात्राला प्रेक्षक तिरस्कार घेऊनच येतो. त्यात नटीने फक्त दुष्टपणा दाखवला तर नवे काहीच घडत नाही. ललिताबाईंची आनंदीबाई महत्त्वाकांक्षी आहे, नवऱ्यापेक्षा अधिक खंबीर आहे आणि आपण करतो ते योग्यच आहे अशी तिची खात्री आहे. पुढे त्यांनी केलेल्या सगळ्या सासवांची, आत्यांची आणि मंथरेचीही ही थोरली बहीण. कारण त्यांची दुष्ट स्त्री स्वतःला कधीच दुष्ट समजत नाही.

‘चरित्र अभिनेत्री’ आणि ‘सहायक अभिनेत्री’ यांत फरक आहे का?

व्यवहारात दोन्ही शब्द एकमेकांऐवजी वापरले जातात. ‘सहायक’ हा शब्द पुरस्कारांच्या वर्गवारीमुळे रुळला, तर ‘चरित्र’ हा धंद्यातला शब्द आहे. आई, सासू, आत्या, मावशी, घरमालकीण अशा वयाने आणि स्वभावाने ठरलेल्या भूमिका त्यात येतात.

इतक्या तरुण वयात त्या आई-सासू कशा झाल्या?

हिंदी चित्रपटातील वयाचा हिशेब नेहमीच विचित्र राहिला आहे, आणि स्त्रियांच्या बाबतीत तर तो निर्दय आहे. ‘गृहस्थी’ (१९४८) आला तेव्हा ललिताबाई बत्तीस वर्षांच्या होत्या, व्ही. शांतारामांच्या ‘दहेज’मध्ये (१९५०) हुंड्यासाठी सुनेचा जीव नकोसा करणारी सासू रंगवताना चौतीस वर्षांच्या. ‘दाग’मध्ये (१९५२) ज्या दिलीपकुमारच्या त्या आई झाल्या, तो त्यांच्याहून फक्त सहा वर्षांनी लहान होता. राज कपूर आठ वर्षांनी लहान, देव आनंद सात वर्षांनी. नायक चाळिशी ओलांडूनही महाविद्यालयात जात राहिले आणि त्यांच्या बरोबरीच्या बायका पडद्यावर केस पांढरे करून बसल्या.

एक फायदाही झाला, तो धंद्याचा. पस्तिशीच्या आत ‘आई’ झालेल्या नटीला वयामुळे काम गमावण्याची भीती उरत नाही. नायिका दर दहा वर्षांनी बदलल्या, त्यांच्या सासूबाई मात्र त्याच राहिल्या.

त्या एकाच छापात अडकल्या, हा आक्षेप कितपत खरा?

संख्येच्या दृष्टीने पाहिले तर आक्षेप खरा आहे. सासूच्या भूमिकांत पुनरावृत्ती पुष्कळ आहे आणि त्यांतील काही चित्रपट आज पाहवत नाहीत. पण उत्तम दिग्दर्शकांच्या हाती पडल्यावर त्याच खाष्टपणाचे किती पदर निघू शकतात, हे पाहण्यासारखे आहे.

राज कपूरच्या ‘श्री ४२०’मध्ये (१९५५) त्या मुंबईच्या रस्त्यावर केळी विकणाऱ्या गंगामाई आहेत, नायकाशी केळ्यांच्या भावावरून होणारी त्यांची घासाघीस हा त्या चित्रपटातील सर्वांत जिवंत प्रसंगांपैकी एक. त्याच वर्षीच्या गुरुदत्तच्या ‘मिस्टर अँड मिसेस ५५’मध्ये पुरुषांवर विश्वास नसलेली, स्त्रियांच्या हक्कांसाठी सभा गाजवणारी श्रीमंत आत्या त्यांनी केली. चित्रपट त्या आत्याची खिल्ली उडवतो, आणि आजच्या प्रेक्षकाला ते खटकेल. तरी ललिताबाई तिला हास्यास्पद होऊ देत नाहीत. बिमल रॉय यांच्या ‘सुजाता’मध्ये (१९५९) अस्पृश्य घरातील मुलीचा विटाळ मानणारी वृद्धा आहे. ती आरडाओरडा न करता, अगदी घरगुती सुरात, रोजच्या व्यवहारासारखी जात पाळते, आणि म्हणूनच तिचे बोलणे अंगावर येते.

‘अनाडी’तील (१९५९) मिसेस डिसा हे या साऱ्याचे दुसरे टोक. वरून फटकळ आणि आतून मायाळू अशी ही ख्रिस्ती घरमालकीण आहे, आणि विषारी औषधाने होणारा तिचा मृत्यू हाच कथेचा कणा ठरतो. ‘अनाडी’चे दिग्दर्शक हृषीकेश मुखर्जी यांना या नटीतील मार्दव सर्वांत आधी उमगले असावे. ‘मेमदीदी’मध्ये (१९६१) त्यांनी ललिताबाईंना थेट शीर्षकभूमिकाच दिली. दहा वर्षांनी ‘आनंद’मध्ये (१९७१) इस्पितळातील करड्या शिस्तीच्या, पण आनंदपुढे विरघळणाऱ्या मॅट्रनबाई त्यांनी उभ्या केल्या, त्याही आडनावाने डिसाच. शम्मी कपूरच्या ‘प्रोफेसर’मध्ये (१९६२) कडक पालक असलेल्या बाई म्हाताऱ्या मास्तराच्या वेषातील तरुणावर भाळतात. या विनोदी भूमिकेत त्यांनी स्वतःच्याच कडक प्रतिमेची गंमत केली आहे. इतके नेमके आत्मभान असलेली नटी छापात अडकली होती असे मी म्हणणार नाही.

त्यांना कोणते पुरस्कार मिळाले?

‘अनाडी’साठी उत्कृष्ट सहायक अभिनेत्रीचा फिल्मफेअर पुरस्कार आणि १९६१ मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार. इथे एक बाब ध्यानात घ्यावी. फिल्मफेअरने सहायक अभिनेत्रीची वर्गवारी १९५५ मध्ये सुरू केली; तिचा पहिला मान उषा किरण यांना ‘बादबान’साठी मिळाला. म्हणजे बोलपट सुरू झाल्यापासून जवळपास पाव शतक या कामाला कुणी वेगळे नावही दिलेले नव्हते. ‘रामशास्त्री’, ‘दहेज’, ‘दाग’ ही सारी कामे त्या वर्गवारीच्या आधीची आहेत.

त्यांनी सातशे चित्रपट केले, हे खरे आहे का?

सातशेचा आकडा सगळीकडे छापला जातो, पण तो चित्रपटांच्या नावांसह मोजून दाखवता येत नाही. भारतीय मूकपटांपैकी अगदी थोडेच आज शिल्लक आहेत आणि १९३० च्या दशकातील बोलपटही मोठ्या संख्येने नष्ट झाले. ज्वालाग्राही नायट्रेट फिल्म, आगी, आणि चांदी काढण्यासाठी वितळवलेल्या प्रती ही त्यामागची मुख्य कारणे. ललिताबाईंच्या नायिकापदाचा काळ नेमका याच खड्ड्यात पडतो. त्यामुळे त्यांची तरुणपणची कामे आपल्यापर्यंत पोहोचलीच नाहीत आणि त्या जन्मतःच म्हाताऱ्या होत्या की काय, असा पुढच्या पिढ्यांचा समज झाला.

‘रामायण’मधील मंथरा ही त्यांची पहिली मंथरा होती का?

नाही. बाबूभाई मिस्त्री यांच्या ‘संपूर्ण रामायण’ (१९६१) या चित्रपटात त्यांनी ती भूमिका आधीच केली होती. १९८७ मध्ये दूरदर्शनवर रामानंद सागर यांची मालिका सुरू झाली तेव्हा त्या सत्तरीच्या होत्या. रविवारी सकाळी रस्ते ओस पाडणाऱ्या त्या मालिकेने त्यांना चौथ्या पिढीच्या घरात नेले. कैकेयीच्या कानाशी लागलेली, कुबड काढून चालणारी ती दासी पाहताना मूकपटांची तालीम पुन्हा जाणवते: संवाद सुरू होण्याआधीच मान, खांदा आणि नजर यांनी हेतू सांगून टाकलेला असतो.

त्यांचे अखेरचे दिवस कुठे गेले?

पुण्यात, औंधला. २४ फेब्रुवारी १९९८ रोजी त्यांचे निधन झाले.

त्यांचे काम नव्याने पाहायचे असेल तर सुरुवात कुठून करावी?

सासूच्या भूमिकांपासून नको. आधी ‘अनाडी’ पाहावा, मग ‘श्री ४२०’, त्यानंतर ‘सुजाता’. ‘रामशास्त्री’ त्यानंतर पाहिला तर आनंदीबाईतले बारकावे अधिक कळतात. ‘दहेज’ शेवटी ठेवावा. तो पाहताना एक प्रयोग करून बघावा: एखाद्या प्रसंगात आवाज पूर्ण बंद करावा आणि ललिताबाईंकडेच पाहत राहावे, मग तोच प्रसंग डोळे मिटून फक्त ऐकावा. दोन्ही वेळा प्रसंग पुरता समजतो.